काय ठेवायचे, काय सोडायचे?

औंढा नागनाथला शिक्षकांच्या एका बैठकीसाठी आम्ही गेलो होतो. विषय होता गुरुत्वीय लहरींचा. याच तालुक्यात दुधाळा गावाजवळ या लहरी टिपणारी लायगो-इंडिया ही वेधशाळा उभी राहणार आहे, त्यामुळे परिसरातील शिक्षकांना तिच्याविषयी साहजिकच उत्सुकता होती. बोलणे संपले, चहा आला आणि गणित शिकवणाऱ्या एका बाईंनी वेगळाच प्रश्न काढला. "सहावीपर्यंत बरी चालणारी मुले 'क्ष' आला की अडतात. 'अमूर्त आहे, डोक्यावरून जाते,' असे आम्ही म्हणतो आणि पुढच्या धड्याकडे वळतो. पण अमूर्त म्हणजे नेमके काय?" शेजारी बसलेले चित्रकलेचे सर हसून म्हणाले, "आमच्यात ज्यातले काही कळत नाही, त्याला अमूर्त म्हणतात."

त्या दिवशी दिलेले उत्तर आमचे आम्हांलाच पुरेसे वाटले नाही. हा लेख म्हणजे त्या उत्तराचा राहिलेला भाग. प्रश्न केवळ एका शब्दाच्या अर्थाचा नाही. 'अमूर्त म्हणून अवघड' हे निदानच चुकीचे असेल, तर त्याच्या भरवशावर आपण कितीतरी मुलांची गणिताची वाट अकारण बंद करत असतो.

तीन प्रश्न, एक उत्तर

वर्गात हे तीन प्रश्न विचारून पाहा. कबड्डीचे पाच संघ आहेत. प्रत्येक संघ इतर प्रत्येकाशी एकदाच खेळणार, तर सामने किती? पाच मुले एकमेकांशी हात मिळवणार, तर हात किती वेळा मिळवले जातील? पाच गावे आहेत. प्रत्येक दोन गावांमध्ये एक सरळ रस्ता हवा, तर रस्ते किती?

मुले पहिला प्रश्न बोटांवर मोजून सोडवतील. दुसऱ्या प्रश्नाला काही जण पुन्हा मोजतील. तिसऱ्याच्या वेळी कोणीतरी म्हणेल, "पुन्हा दहाच!" त्या क्षणी त्या मुलाने मोठे काम केलेले असते. त्याने मैदान सोडले, हात सोडले, रस्त्याची लांबी सोडली. ठेवले ते इतकेच, की पाच गोष्टी आहेत आणि त्यांतल्या प्रत्येक दोहोंमध्ये एक नाते आहे. फळ्यावर पाच ठिपके काढा आणि ते रेषांनी जोडा. प्रत्येक ठिपक्यातून चार रेषा निघतात. पाच चोक वीस. पण प्रत्येक रेषा दोनदा मोजली गेली, म्हणून दहा. आता संघ पन्नास असले तरी बोटे मोजायला नकोत.

या कृतीला अमूर्तीकरण म्हणतात. ॲरिस्टॉटलने यासाठी वापरलेल्या ग्रीक शब्दाचा अर्थ 'काढून घेणे' असा आहे. आपला 'अमूर्त' हा शब्द थोडी फसगत करतो. ज्याला आकार नाही, जे हाती लागत नाही, असे काहीसे त्यातून मनात येते. पण तो शब्द कृतीच्या फळाचे वर्णन करतो, कृतीचे नाही. कृती साधी आहे: समोरच्या प्रश्नासाठी काय ठेवायचे आणि काय सोडायचे ते ठरवणे.

यात 'समोरच्या प्रश्नासाठी' हे शब्द महत्त्वाचे आहेत. ज्वारीच्या एकाच ताटाकडे घरची माणसे दाण्यासाठी पाहतात आणि बैल कडब्यासाठी. टाकाऊ काय, हे ताटावर लिहिलेले नसते. गरजेवरून ते ठरते. रस्त्यांच्या प्रश्नात खर्च विचारला, तर मघाशी सोडलेली लांबी लगेच परत आणावी लागेल.

थैलीतला 'क्ष'

आता बाईंच्या प्रश्नाकडे येऊ. भास्कराचार्यांनी इ.स. ११५० मध्ये 'सिद्धान्तशिरोमणि' पूर्ण केला. 'लीलावती' आणि 'बीजगणित' हे त्याचेच भाग. ज्ञात संख्यांच्या गणिताला ते व्यक्त गणित म्हणतात आणि अज्ञात राशींच्या गणिताला अव्यक्त गणित. 'अव्यक्त' म्हणजे नसलेले नव्हे. असलेले, पण अजून प्रकट न झालेले. पहिल्या अज्ञात राशीला ते 'यावत्तावत्' म्हणतात, म्हणजे 'जितके असेल तितके'. पुढच्या राशींना रंगांची नावे आहेत: कालक, नीलक, पीतक. लिहिताना या शब्दांची पहिली अक्षरे, 'या', 'का', 'नी', पुरतात.

'जितके असेल तितके' हे नाव शिक्षकांनी जरूर लक्षात ठेवावे. मुलांना सांगा: मनात एक संख्या धरा, तिची दुप्पट करा, दहा मिळवा, निम्मे करा, मूळ संख्या वजा करा. सगळ्यांचे उत्तर पाच येते. कसे? एक बंद थैली दाखवा आणि सांगा, की तुमच्या मनातल्या संख्येइतके खडे हिच्यात आहेत. दुप्पट म्हणजे दोन थैल्या. दहा मिळवले, म्हणजे दोन थैल्या आणि दहा सुटे खडे. निम्मे केले, म्हणजे एक थैली आणि पाच खडे. थैली काढून घेतली, उरले पाच. थैली उघडण्याची गरजच पडली नाही. मग थैलीचे चित्र काढायचा कंटाळा आला म्हणून तिच्या जागी 'क्ष' लिहा.

मूल 'क्ष' पाशी अडते, कारण आपण त्याला थैली न दाखवता थेट अक्षर देतो. सोडण्याची कृती आधी कोणीतरी करून ठेवलेली असते. मुलाच्या हाती फक्त तिचा निकाल येतो. अवघड असतो तो हा तुटलेला दुवा.

शब्दही अमूर्तच

अमूर्त विचार मोठेपणीच जमतो, असे मानण्याचे कारण नाही. काळी, पांढरी, शिंग मोडलेली अशा वेगवेगळ्या जनावरांना 'गाय' म्हणणारे तीन वर्षांचे मूल तेच करत असते. 'गाय' या शब्दाचा अर्थ कोणता, हा न्यायदर्शनातला जुना प्रश्न. समोर उभी असलेली एक गाय, म्हणजे व्यक्ती? तिचा आकार, म्हणजे आकृती? की सर्व गाईंमध्ये समान असलेले गोत्व, म्हणजे जाती? न्यायसूत्रांचे उत्तर असे, की तिन्ही मिळून शब्दाचा अर्थ होतो. प्लेटोला गोत्वासारखी सामान्य रूपे वस्तूंपासून वेगळी आणि अधिक खरी वाटली. ॲरिस्टॉटलने ती वस्तूंमध्येच पाहिली. हा वाद आजही मिटलेला नाही. शिक्षकासाठी न्यायसूत्रांचे उत्तर उपयोगी आहे: व्यक्ती आणि आकृती यांना धरूनच जातीकडे जावे, त्यांना वगळून नव्हे.

औंढ्याच्या देवळात याचे एक चित्र पाहायला मिळते. यादवकालीन भिंती बाहेरून मूर्तींनी भरलेल्या आहेत. अरुंद पायऱ्या उतरून खालच्या गाभाऱ्यात गेले, की समोर हातपाय, चेहरा काहीही नसलेले लिंग असते. याच देवळात नामदेवांना विसोबा खेचर भेटले, अशी परंपरा आहे. विसोबा पिंडीवर पाय ठेवून झोपले होते. पिंड नसेल तिथे माझे पाय ठेव, असे ते म्हणाले. पण नामदेवांनी पाय उचलून ठेवले तिथे तिथे पिंड दिसली. कथेची ऐतिहासिकता हा इथे आपला विषय नाही. एका जागी, एका रूपात पाहिलेली गोष्ट त्या जागेपुरती नाही हे ओळखणे, हा तिचा आशय आपल्या विषयाला जवळचा आहे.

चित्रात काय उरते?

चित्रकलेच्या सरांसाठी वारली चित्रापासून सुरुवात करू. टोकाला टोक लावलेले दोन त्रिकोण, वर एक वर्तुळ, चार रेषा: झाला माणूस. चेहरा सोडला, कपडे सोडले. ठेवली ती हालचाल. तारप्याभोवती फेर धरणाऱ्या रांगेत नाक-डोळे आले असते, तर आपण माणसे ओळखत बसलो असतो आणि फेर हरवला असता.

वासुदेव गायतोंडे (१९२४–२००१) याच्या फार पुढे गेले. नागपूरला जन्मलेले आणि मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकलेले गायतोंडे सुरुवातीला आकृत्या रंगवत. पुढे त्यांनी आकृती तर सोडलीच, पण वस्तूही सोडली. रूळ आणि पॅलेट नाइफ वापरून ते रंगांचे थर चढवत आणि खरवडून काढत. उरला तो रंग, पोत आणि त्यांतून झिरपणारा उजेड. आपल्या कामाला 'अमूर्त' म्हणणे त्यांना पटत नसे. 'वस्तुनिरपेक्ष' अशा अर्थाचा शब्द ते पसंत करत. हा भेद नेमका आहे. वारली चित्रात माणसातून काहीतरी काढून घेतलेले आहे. गायतोंडे यांच्या चित्रात काढून घ्यायला आधी वस्तूच नाही. तेव्हा अशा चित्रासमोर 'हे कशाचे चित्र आहे?' असे न विचारता 'यात काय ठेवले आहे?' असे विचारावे. मुले या प्रश्नाला मोकळेपणाने उत्तरे देतात.

यंत्रातले थर

इंग्रज गणिती जॉर्ज बूल यांनी १८५४ साली विचारांच्या नियमांवर एक ग्रंथ लिहिला. विधान पावसाबद्दल आहे की राजाबद्दल, हे त्यांनी सोडले; ते खरे की खोटे, एक की शून्य, एवढेच ठेवले. 'आणि', 'किंवा', 'नाही' यांचे बीजगणित त्यातून तयार झाले. १९३७ मध्ये क्लॉड शॅनन या अमेरिकन विद्यार्थ्याने आपल्या प्रबंधात दाखवले, की विजेच्या स्विचांची जोडणी हेच नियम पाळते. एकापुढे एक जोडलेले दोन स्विच म्हणजे 'आणि'. शेजारी शेजारी, समांतर जोडलेले म्हणजे 'किंवा'. सेल, बल्ब आणि दोन स्विच घेऊन हा प्रयोग शाळेत सहज होतो.

आजचा संगणक अशा थरांवर उभा आहे. ट्रान्झिस्टरांची तर्कद्वारे होतात, द्वारांतून बेरीज करणारे मंडल, त्यावर आज्ञा आणि त्यावर प्रोग्राम. 'नावे अकारविल्हे लाव' असे लिहिणाऱ्याला खालचे ट्रान्झिस्टर आठवावे लागत नाहीत. पण सोडलेले कधीकधी परत येते. पायथन या संगणकीय भाषेत ०.१ आणि ०.२ यांची बेरीज करा, उत्तर ०.३०००००००००००००००४ येते. एक-दशांश ही संख्या संगणकाच्या द्विमान पद्धतीत नेमकी मावत नाही, जशी एक-तृतीयांश आपल्या दशमान पद्धतीत मावत नाही. 'संगणकाला संख्या कळतात' हे अमूर्तीकरण बहुतेक वेळा पुरते, पण प्रत्येक वेळी नाही. काय सोडले याची आठवण ठेवावी लागते ती यासाठी.

पुन्हा औंढ्याला

त्याच १८५४ साली जर्मनीत गटिंगेन येथे बर्नहार्ड रीमान यांनी भूमितीवर एक व्याख्यान दिले. डोळ्यांना दिसणारे सपाट, तीन मितींचे अवकाश त्यांनी सोडले. जवळजवळच्या दोन बिंदूंमधले अंतर मोजण्याचा नियम तेवढा ठेवला. मिती कितीही असोत, अवकाश वक्र असो, या नियमावरून त्याची भूमिती मांडता येते. हीच भूमिती आइन्स्टाइन यांनी १९१५ च्या व्यापक सापेक्षता सिद्धान्तात वापरली आणि पुढच्याच वर्षी गुरुत्वीय लहरींचे भाकीत केले.

या लहरी टिपणाऱ्या उपकरणाला काटकोनात दोन भुजा असतात, प्रत्येकी ४ किलोमीटर लांब. लेसरचा झोत दुभागून दोन्हींत सोडतात आणि आरशांवरून परत आलेले झोत ताडून पाहतात. लहर आली, की भुजांची लांबी बदलते; पण हा बदल प्रोटॉनच्या व्यासापेक्षाही शेकडो पट लहान असतो. ट्रक, वारा, दूरच्या समुद्राच्या लाटा यांची थरथर त्याहून किती तरी मोठी. आमच्या दृष्टीने हा गोंगाट, तर भूकंपशास्त्रज्ञाला यातच माहिती सापडते. दाणा आणि कडबा यांची इथे पुन्हा गाठ पडते.

या गोंगाटातून लहर ओळखायची कशी? एकमेकांभोवती फिरत जवळ येणाऱ्या दोन कृष्णविवरांची लहर त्यांची वस्तुमाने आणि स्वतःभोवतीचे फिरणे अशा मोजक्या संख्यांवरून गणिताने काढता येते. असे हजारो नमुने तयार करून नोंदींशी जुळवून पाहतात. या जुळणीच्या पद्धतीचा पाया घालणाऱ्यांमध्ये पुण्याच्या आयुका संस्थेतील संजीव धुरंधर आणि बी. एस. सत्यप्रकाश यांचे १९९० च्या दशकाच्या सुरुवातीचे काम महत्त्वाचे मानले जाते. १४ सप्टेंबर २०१५ रोजी अमेरिकेतील दोन वेधशाळांनी पहिली लहर टिपली. सुमारे १३० कोटी प्रकाशवर्षांवर दोन कृष्णविवरे एक झाली होती. लायगो-इंडियाला केंद्रीय मंत्रिमंडळाने एप्रिल २०२३ मध्ये मंजुरी दिली. खर्च २६०० कोटी रुपये.

जगापासून दूर गेल्यासारखे वाटणारे रीमान यांचे गणित असे औंढ्याच्या जमिनीवर येऊन टेकते. सोडणे म्हणजे जगाकडे पाठ फिरवणे नव्हे. नेमके सोडले, म्हणूनच जे ठेवले ते इतक्या दूरवर नेता आले.

तेव्हा बाईंना आमचे उत्तर असे: मुलांना अमूर्त जमते, बोलायला लागल्यापासून ती ते करत आली आहेत. धडा कोणताही असो, तीन प्रश्न विचारू द्या. यात काय ठेवले? काय सोडले? सोडलेले कधी परत आणावे लागेल? आणि 'क्ष' शिकवायच्या दिवशी एक थैली आणि मूठभर खडे बरोबर न्या.