ओढलं की थांबा, सैल सोडलं की चाला



दिवाळी पाडव्याला कोल्हापुरात सजवलेल्या म्हशी रस्त्यावर आणतात, ते आपण बघतोच. मालकानं नुसती हाक दिली की म्हैस त्याच्या मागं धावते. ही रोजच्या सवयीची कमाई. मग आपल्या दारातलं कुत्रंच दोरी लावली की आपल्याला फरफटत का नेतं?

आमच्या गटातल्या एक ताई कुत्र्याला रेबीजची लस द्यायला निघाल्या. वाटेत दुसरं कुत्रं दिसलं, असा हिसका बसला की ताई पडल्या, मनगट मुरगळलं. लस राहिली ती राहिलीच. म्हणून आम्ही हा विषय बैठकीत घेतला.

कुत्र्याची चाल आपल्यापेक्षा जलद असते. ते ओढतं, आपण मागं जातो. ओढलं की पुढं जायला मिळतं, हे आपणच त्याला शिकवतो. आता उलटं शिकवायचं.

आधी गळ्यात पट्टा घालून दोन-चार दिवस घरातच वावरू द्या. पट्ट्याखाली दोन बोटं सहज जावीत. मग तीन-चार हात लांब मजबूत दोरी बांधून अंगणात किंवा परसात चालवा. दोरी हाताला गुंडाळू नका, हिसक्यानं हात दुखावतो.

कुत्र्यानं ओढलं की जागेवर थांबा. ओरडू नका, उलटा हिसकाही देऊ नका, मानेला इजा होते. ते वळून बघेल, दोरी सैल पडेल. लगेच शाबासकी द्या आणि चालू लागा. आपल्या बाजूनं चाललं की भाकरीचा तुकडा द्या. सकाळ-संध्याकाळ दहा-दहा मिनिटं पुरे. अंगणात जमलं की गल्लीत, मग बांधावर, शेवटी वर्दळीच्या रस्त्यावर. समोरून दुसरं कुत्रं आलं तर आधीच लांबून वळसा घ्या.

घरातल्या सगळ्यांनी हाच नियम पाळायचा. एकानं थांबायचं आणि दुसऱ्यानं ओढू द्यायचं, असं झालं तर कुत्रं काहीच शिकत नाही.

ताईंना तीन आठवडे लागले. मग त्याच कुत्र्याला चालवत नेऊन त्यांनी लस देऊन आणली.

ही लस टाळण्यासारखी नाही. रेबीजची लक्षणं एकदा दिसली की माणूस सहसा वाचत नाही. पिल्लू तीन महिन्यांचं झालं की पहिली लस द्यायची आणि पुढची पशुवैद्यकांनी सांगितलेल्या तारखेला. कुणाला कुत्रं चावलंच, तर जखम साबण लावून वाहत्या पाण्यात १५ मिनिटं धुवा. हळद, चुना, मिरची काही लावू नका. त्याच दिवशी सरकारी दवाखाना गाठा आणि इंजेक्शनांचा कोर्स पूर्ण करा.

पुढच्या बैठकीत आपण एकमेकींना विचारूया : तुमच्या कुत्र्याची लस झाली का?