जुनी रिळं, नवे हक्क (भाग ६) : लग्नाची कॅसेट कोणाची?

गेल्या आठवड्यात आपण पेडर रोडला, फिल्म्स डिव्हिजनच्या आवारात होतो. आज विरार पूर्वेला, चंदनसारला. आमच्याच इमारतीतल्या एका काकूंकडे त्यांच्या लग्नाची व्हीएचएस कॅसेट आहे, १९९१ ची. वरातीच्या मागे जीवदानीचा डोंगर आणि मधे नुसतं मोकळं शेत. आता तो डोंगर बघायला आम्ही गच्चीवर जातो. विरारच्या वाढीवर माहितीपट करणाऱ्या एका मुलाला त्यातले चाळीस सेकंद हवे होते.

कॅसेटची झडप उचलली तर फितीच्या कडेला पिठासारखी पांढरी बुरशी. अशी फीत तशीच व्हीसीआरमध्ये सारू नये. बुरशी हेडला लागते आणि पुढची धडकी कॅसेटही नासते. आधी सफाई, मग एकदाच चालवून डिजिटल प्रत.

हे सोपं काम. पुढे काकूंनी विचारलं, "शूटिंगवाल्याला विचारावं लागेल ना? कॅमेरा त्याचा होता." नाही लागत. १९५७ च्या कॉपीराइट कायद्याचं कलम १७ सांगतं की पैसे मोजून फिल्म करून घेतली आणि वेगळा करार नसेल, तर पहिला मालक पैसे देणारा. पैसे काकूंच्या वडिलांनी दिले होते. आईवडील दोघंही आता नाहीत, मृत्युपत्रही नाही. म्हणजे सह्या काकूंच्या आणि दोन्ही भावांच्या. धाकट्याशी बोलणं बंद आहे, हे मला तेव्हा कळलं. फुटेज शोधणाऱ्याचा निम्मा वेळ अशा ठिकाणी जातो.

सरकारी फिल्मचं त्या मानाने बरं. हक्क साठ वर्षांचा, प्रदर्शनानंतरच्या जानेवारीपासून मोजायचा. १९६० साली थिएटरात दाखवलेल्या फिल्म्स डिव्हिजनच्या ‘इंडियन न्यूज रिव्ह्यू’ या वृत्तचित्रावरचा हक्क २०२० च्या अखेरीस संपला. पण डबा ज्याच्या कपाटात, चावी त्याच्याकडे. फिल्म्स डिव्हिजन २०२२ मध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात (एनएफडीसी) विलीन झालं, तेव्हा चांगली प्रत हवी तर अर्ज तिथेच.

काकूंच्या कॅसेटवर आणखी एक भानगड होती. शूटिंगवाल्याने वरातीवर हिंदी सिनेमाचं गाणं चढवलेलं. लग्नात गाणी वाजवायला कायद्याची सूट आहे, पण ती त्या मांडवापुरती. माहितीपटात तेच गाणं आलं की म्युझिक कंपनीची परवानगी लागणार, आणि तिचा भाव मुलाच्या सगळ्या बजेटला पुरून उरणार. आवाज काढून टाकला.

राहिलं परवानगीपत्र. मुलाने आणलेल्या छापील मसुद्यात ‘जगभर, कायमस्वरूपी, सर्व माध्यमांत’ होतं. नवशिके ही ओळ डोळे मिटून टाकतात आणि घरचे डोळे मिटून सही करतात. मी ती खोडली. हा एकच माहितीपट, दहा वर्षं, मूळ कॅसेट काकूंकडेच, आणि तेच फुटेज त्या दुसऱ्यालाही देऊ शकतात, असं लिहिलं. धाकटा भाऊ सही करून गेला, चहाही प्यायला.

पैसे काकूंनी मागितले नाहीत. अट एकच घातली : काका घोड्यावरून घसरतात ते दिसता कामा नये. टाइमकोड लावून पाहिलं, तर ते घसरतात बरोबर तिसाव्या सेकंदाला. करारात एकोणतीस सेकंद लिहिले.