१५१ बैलगाड्या आणि एक शाळा

बैलगाडा म्हटलं की आमच्या लोणी-धामणीकडचा माणूस हातातलं काम सोडून कान टवकारतो. शर्यतीच्या घाटात गाडा सुटला की बारी किती सेकंदांची होणार, याचा अंदाज आमच्याकडं शाळेतली पोरंसुद्धा बांधतात. त्यामुळं '१५१ बैलगाड्यांची मिरवणूक' असं वाचल्यावर मला पुढं जाताच येईना. मी कागद-पेन्सिल घेऊन बसलो. बैलांच्या शिंगांपासून गाडीच्या मागच्या टोकापर्यंत पंधरा फूट धरले, दोन गाड्यांमध्ये पाच फूट सोडले. १५१ गुणिले २० म्हणजे ३,०२० फूट, जवळजवळ एक किलोमीटर. आणि बैल ३०२! एका किलोमीटरभर नुसत्या घुंगरांचा आवाज.

हा थाट कुणा राजाच्या वरातीचा नव्हता. १९५२ साली कराडच्या स्टेशनवर एक सव्वीस वर्षांचा पैलवान उतरणार होता, त्याला आणायला या गाड्या जुंपल्या होत्या. खाशाबा दादासाहेब जाधव. हेलसिंकीच्या ऑलिंपिकमधून तो कांस्यपदक घेऊन आला होता. स्वतंत्र भारताचं ते पहिलं वैयक्तिक ऑलिंपिक पदक. त्यानंतरचं दुसरं मिळायला १९९६ साल उजाडलं, लिअँडर पेस टेनिसमध्ये जिंकला तेव्हा. मध्ये चव्वेचाळीस वर्षं गेली.

आता शाळेकडं येतो, कारण मला खरा अचंबा वाटतो तो तिचा. कराडचं टिळक हायस्कूल. कृष्णा-कोयनेच्या प्रीतिसंगमावरच्या गावातली, चारचौघींसारखी मराठी शाळा. कराडला लागून असलेल्या गोळेश्वरचा खाशाबा १९४० ते १९४७ या काळात तिथं शिकला. त्याच्या आधी काही वर्षं याच शाळेत देवराष्ट्रे गावात जन्मलेला एक मुलगा होता. २६ जानेवारी १९३२ ला त्यानं शाळेच्या आवारातल्या लिंबावर तिरंगा चढवला आणि अठरा महिन्यांची सजा घेतली. तुरुंगातून परत येऊन १९३४ ला तो मॅट्रिक झाला. तो मुलगा म्हणजे यशवंतराव चव्हाण, महाराष्ट्राचे पहिले मुख्यमंत्री. झेंडा लिंबावर चढला त्या दिवशी खाशाबा सहा वर्षांचा होता, आणि बहुधा वडिलांच्या मागं मागं तालमीत घुटमळत असावा. दादासाहेब स्वतः पैलवान होते, पोराच्या अंगाला पहिली माती त्यांनीच लावली.

ही माती म्हणजे काय चीज आहे, ते नीट पाहिल्याशिवाय हेलसिंकीचं नवल कळत नाही. तालमीचा हौदा नुसता खणून भरलेला नसतो. तांबडी माती चाळून घेतात, तिच्यात हळद, ताक, तेल, लिंबू, कापूर मिसळतात. तेलामुळं ती धुरळा होऊन उडत नाही आणि पडणाऱ्याला मऊ लागते. हौदा रोज उकरावा लागतो, त्या उकरण्यातच खांदे भरतात. त्या भुसभुशीत मातीत पाय रुततो, म्हणून समोरच्याला एक पाऊल मागं रेटायलासुद्धा दुप्पट जोर लागतो. घामानं अंग निसरडं झालं की पैलवान मूठभर माती उचलून एकमेकांच्या मानेवर, पाठीवर टाकतात. घाम टिपला जातो आणि पकड बसते. आपल्या यात्रांच्या आखाड्यात रेवड्यांवर लढणारी चिमुरडी पोरंही हे करतात, त्यांना कुणी शिकवावं लागत नाही.

मॅटवर यातलं काहीच नाही. पाय रुतत नाही, उलट खालून उसळी मिळते. पायात बूट असतात. घाम टिपायला माती नाही, त्यामुळं नुसत्या दाबावर माणूस धरून ठेवता येत नाही. मनगटं जुळवून, वेगानं आणि नेमक्या क्षणी शिरावं लागतं. मातीत निकाली कुस्ती म्हणजे पाठ लागेपर्यंत कुस्ती, अर्धा अर्धा तास एकमेकाला जोखत बसता येतं. ऑलिंपिकात तेव्हा पंधरा मिनिटांची लढत होती, आणि चितपट झाली नाही तर पंच निकाल देत. जोर तोच, शरीर तेच, पण हिशेब सगळा निराळा.

१९४८ मध्ये लंडनला खाशाबा गेला तेव्हा या मॅटशी त्याची ओळखच नव्हती. कोल्हापूरच्या महाराजांनी खर्चाला हात दिला होता. तिथं रीस गार्डनर नावाच्या अमेरिकी पैलवानानं त्याला मॅटवरची रीत शिकवली, आणि हा पठ्ठ्या थेट सहावा आला. सायकल येणाऱ्या माणसानं पहिल्यांदा घोड्यावर बसावं आणि शर्यतीत सहावं यावं, असं ते होतं.

त्याचा आवडता डाव ढाक. समोरच्याचं मुंडकं बगलेत आवळायचं, कंबर त्याच्या पोटाखाली सारायची आणि वळायचं. कंबर टेकूसारखी होते आणि वरचा गडी पहारेनं धोंडा उलटावा तसा उलटतो. टेकू जितका खाली, तितकं उलटणं सोपं. म्हणजे बुटका असणं ही या डावात कमाईच. खाशाबाची उंची बेताची होती. निसर्गानं त्याला ढाकेसाठीच घडवला होता म्हणायला हरकत नाही.

हेलसिंकीला तो ५७ किलो गटात उतरला. कॅनडाचा, मेक्सिकोचा, जर्मनीचा असे तीन मल्ल त्यानं हरवले. जपानच्या शोहाची इशीईनं मात्र त्याला अटीतटीत मागं टाकलं; सुवर्णपदक पुढं इशीईलाच मिळालं. त्या दमछाकीनंतर विश्रांती न देताच त्याला सोव्हिएत संघाच्या रशीद मम्मदबेयोव्हसमोर उभं केलं, आणि त्याची बाजू मांडायला तिथं कुणी भारतीय अधिकारी हजर नव्हता, असं सांगतात. ती कुस्ती तो हरला. तरीही २३ जुलै १९५२ ला कांस्यपदक त्याला मिळालं.

पण हेलसिंकीचं तिकीट आलं कुठून? टिळक हायस्कूलनंतर तो कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजात शिकला होता. प्रवासाला पैसे नाहीत म्हणून तो दारोदार फिरला. गावकऱ्यांनी जमेल तेवढी वर्गणी दिली, तरी पुरेना. तेव्हा कॉलेजचे प्राचार्य खर्डेकर यांनी स्वतःचं राहतं घर गहाण टाकून सात हजार रुपये उभे केले. १९५२ चे सात हजार! ते फिटले नसते तर घर गेलंच असतं.

म्हणून त्या १५१ गाड्यांची मिरवणूक डोळ्यांपुढं आली की मला तिच्या पलीकडचं दिसायला लागतं. कराडचं स्टेशन गावाबाहेर, ओगलेवाडीकडं. काही मिनिटांच्या वाटेला त्या दिवशी सात तास लागल्याचं सांगतात. ढोल, हार, गुलाल, सगळं झालं. मग गाड्या आपापल्या गावी गेल्या, बैल सुटले, आणि ऑलिंपिकवीर खाशाबानं पुन्हा लंगोट कसला. त्यानं कुस्त्यांचा फड भरवला, स्वतः त्यात लढला, जिंकला. जमलेले पैसे नेऊन खर्डेकर सरांना दिले आणि त्यांचं घर सोडवलं.