क्रॉसिंगपुरतं दिनागाव

जालन्याहून मनमाडच्या दिशेने निघालं की पहिलं स्टेशन दिनागाव. बहुतेक गाड्या तिथे थांबत नाहीत. औरंगाबादला, म्हणजे आताच्या छत्रपती संभाजीनगरला, नोकरीसाठी वर्षानुवर्षं अप-डाउन करणारी मी पासवाली बाई. हे स्टेशन माझ्या ओळखीचं झालं ते क्रॉसिंगमुळे. मार्ग एकेरी. समोरून एक्स्प्रेस यायची असली की आमची पॅसेंजर लूप लाइनला घ्यायची, आणि ती एक्स्प्रेस निघून गेल्याशिवाय आमचा सिग्नल पडायचा नाही. मग कुणी डबा उघडायचं, कुणी मांडीवर मेथी निवडायला घ्यायचं. गावातली एखादी आजी निवांत चालत यायची आणि गाडीत चढायची. दोन गाड्यांचा हिशेब तिला आमच्याहून चांगला कळायचा.

हा मार्ग निजामाच्या काळातला. हैदराबाद-गोदावरी व्हॅली रेल्वेने 1900 च्या सुमारास मनमाड ते सिकंदराबाद मीटर गेज टाकली. मनमाडला मुंबईकडची ब्रॉड गेज. म्हणजे मराठवाड्यातून निघालेलं पोतं न् पोतं तिथे एका वाघिणीतून उतरवून दुसरीत चढवायचं. हा उपद्व्याप संपायला 1990 चं दशक उजाडलं, तेव्हा कुठे रूळ रुंद झाले. गाड्या लांब झाल्या, वेगवान झाल्या. वेगवान गाडीला लहान स्टेशन नको असतं, हे आम्हाला हळूहळू कळत गेलं.

गाडी थांबेनाशी झाली की गावाचं काय होतं? ऑस्ट्रेलियाच्या नलरबॉर माळरानातून 1917 मध्ये पूर्ण झालेला रेल्वेमार्ग जातो. त्यावर 478 किलोमीटरचा एक पट्टा असा आहे की त्यात वळणच नाही. रुळांच्या देखभालीसाठी तिथे कुकसारख्या वस्त्या बसवल्या. त्यांना किराणा, पाणी, पगार सगळं ‘टी अँड शुगर’ नावाच्या गाडीतून यायचं. खाटकाचं दुकानसुद्धा एका डब्यात. 1996 मध्ये ती गाडी बंद झाली, पुढच्या वर्षी रेल्वेचं खासगीकरण झालं आणि कुक जवळजवळ ओस पडलं. आपल्याकडे तसं होत नाही. रेल्वेने गाव वसवलं नव्हतं, ती गावाच्या शिवारातून गेली. या भागात कापूस आहे, सोयाबीन आहे, पाणी पुरलं तर मोसंबी आहे. गाडी थांबली नाही म्हणून कुणी घर सोडत नाही. कॉलेजची पोरगी मात्र घरी बसते. हे नुकसान ओस पडलेल्या गावासारखं फोटोत दिसत नाही.

रस्त्याचं काय, असं कुणीही विचारेल. जालना-औरंगाबाद रस्ता चौपदरी झाला, नागेवाडीला टोलनाका आला, काळीपिवळी आणि एसटी आहेच. मग समृद्धी महामार्ग. 701 किलोमीटरच्या या रस्त्याचा नागपूर-शिर्डी टप्पा 11 डिसेंबर 2022 ला खुला झाला. जालना आणि बदनापूर तालुक्यांतून तो जातो. पण त्यावर दुचाकीला बंदी, बैलगाडीचा तर प्रश्नच नाही, आणि चढायचं ते ठरलेल्या इंटरचेंजवरूनच. ज्याच्याकडे मोटारसायकलच आहे त्याने भुयारी रस्त्याने खालून पलीकडच्या शेतात जायचं आणि वरून जाणाऱ्या मोटारींचा आवाज ऐकायचा.

याच पट्ट्यातून मे 2020 मध्ये जालन्याच्या एका स्टील कारखान्यातले मध्य प्रदेशचे मजूर भुसावळकडे चालत निघाले होते. बदनापूरपर्यंत रस्त्याने, पुढे रुळांवरून. टाळेबंदीत गाड्या बंद आहेत असं समजून ते करमाडजवळ रुळांवरच झोपले. मालगाड्या चालू होत्या. 8 मेच्या पहाटे सोळा जण गेले. त्यानंतर बदनापूर गेलं की मी खिडकीबाहेर बघायचं टाळायचे.

टाळेबंदीनंतर पॅसेंजर पुन्हा सुरू झाल्या त्या एक्स्प्रेसचं भाडं लावून: दहा रुपयांचं किमान तिकीट तीस रुपये. 2024 च्या फेब्रुवारीत ते पुन्हा दहावर आलं. तोवर कितीतरी जणांनी शेअर रिक्षाची सवय करून घेतली होती.

आता दिनागावचं नाव मोठमोठ्या कागदांवर येतं, ते ड्राय पोर्टमुळे. डिसेंबर 2015 मध्ये या स्टेशनजवळच्या दरेगाव-जवसगावच्या शिवारात त्याची पायाभरणी झाली. समुद्र नसलेलं बंदर ते: कस्टमची तपासणी इथेच, कंटेनरला सील इथेच, आणि तिथून रेल्वेने थेट न्हावा शेवा. जालन्याच्या भट्ट्यांना लागणारं परदेशी भंगार यावं, इथला माल बाहेर जावा, ही कल्पना. एका कंटेनर गाडीवर वीस फुटी नव्वद खोके मावतात. खोक्यांची सोय होणार, चांगलंच आहे. माणसांच्या थांब्याबद्दल मात्र मी कुठे वाचलेलं नाही.

जुलै 2025 मध्ये केंद्राने औरंगाबाद ते परभणी या 177 किलोमीटरच्या दुहेरीकरणाला मंजुरी दिली. आम्ही पासवाल्यांनी किती वर्षं ही मागणी केली होती! पण दुसरा रूळ पडला की क्रॉसिंग संपलं, आणि क्रॉसिंग संपलं की दिनागावला गाडी उभी राहायचं कारणही संपलं. म्हणून वेळापत्रकात हक्काचा थांबा लिहून घ्यायचा तर तो आत्ताच, काम सुरू असताना. एक सकाळची गाडी, एक संध्याकाळची.