आठ खुणा

गेल्या वर्षी नात्यातल्या एका घरी देवीच्या गोंधळात तुणतुणेवाल्याच्या कानात मी माझ्या आजीचं नाव सांगितलं. आजी जाऊन तीस वर्षं झालेली, त्या गावात तिला ओळखणारं कुणी नाही. तुणतुणेवाला तोंडातून चकार शब्द बोलला नाही. मांडवाच्या दुसऱ्या टोकाला उभ्या असलेल्या नाईकानं, म्हणजे मुख्य गोंधळ्यानं, मात्र गाता गाता ‘जना’ म्हणून हाक घातली. बायकांनी हात जोडले. माझ्या अंगावर काटा आला, आणि पाठोपाठ मनात संशयही. त्याच मंडळींचा गोंधळ यंदा भोकरला आहे असं कळल्यावर मी मुदखेडहून आदिलाबादकडे जाणारी गाडी धरली. या वेळी देवीसमोर न बसता तुणतुण्याशेजारी बसलो.

पाटावर नवं वस्त्र, त्यावर तांदळाचा चौक, कळस, विडे-सुपाऱ्या, भोवती धाटं, हे सगळं अर्ध्या तासात मांडून झालं. गोंधळ्यांच्या गळ्यात कवड्यांच्या माळा, अंगात पायघोळ झगे. दिवटी पेटली तसा तेलात भिजलेल्या चिंध्यांचा करपट वास मांडवभर पसरला. माझ्या सदऱ्यातून तो दोन दिवस गेला नाही. गण झाला, आवाहन सुरू झालं. तुळजापूरच्या भवानीला, कोल्हापूरच्या अंबाबाईला बोलावणं गेलं. माहूरच्या रेणुकेचं नाव आलं की संबळावरच्या काठ्या जोरात पडायच्या. माहूर याच नांदेड जिल्ह्यातलं आणि ही मंडळी रेणुकेची, म्हणजे रेणुराई. तुळजाभवानीचे गोंधळी ते कदमराई.

मग आख्यान लागलं. परभणीच्या राजारामभाऊ कदमांनी गाजवलेलं जांभूळ आख्यान. द्रौपदीच्या मनात कर्ण आला तिथंच माझ्या शेजारची तार थांबली. तुणतुणेवाल्यानं मोकळा हात वर केला, दिव्यावरचा किडा हाकलावा तसा हलवला आणि पुन्हा तारेवर आणला. दोन ओळींनंतर नाईकानं घरातल्या सुनेचं नाव द्रौपदीच्या सख्यांत गुंफलं. सून लाजली, सासू म्हणाली, ‘आईच बोलली गं.’

पहाटे चहाच्या वेळी मी त्या हाताबद्दल विचारलं. तो हसला. ‘आठच खुणा हायेत सर. बाकी बोटं.’

या खुणांच्या भाषेला करपल्लवी म्हणतात. वर्णमालेचे आठ गट, प्रत्येक गटाची एक खूण. पंजा नागाच्या फण्यासारखा उभारला की स्वर. बोटं जुळवून कमळ केलं की क-वर्ग. चाक फिरवलं की च-वर्ग, धनुष्याची दोरी ओढली की ट-वर्ग, झाड केलं की त-वर्ग, असं करत श-ष-स-ह पर्यंत. गट कळला की बोटं दाखवायची, म्हणजे त्यातलं कितवं अक्षर ते समजतं. शेवटी चुटक्या, बाराखडीतली कितवी मात्रा ते सांगायला. माझ्या आजीचं नाव त्यानं पुन्हा करून दाखवलं. चाक आणि तीन बोटं: च, छ, ज. झाड आणि पाच बोटं: त, थ, द, ध, न. वर दोन चुटक्या, म्हणजे काना. जना.

मी ‘भोकर’ करायला घेतलं. प-वर्गाची खूण, चार बोटं, मग ‘ओ’साठी नऊ चुटक्या. पाचव्या चुटकीला मोजणी चुकली. ‘तुमचं भोकर होईपर्यंत आरती हुईल,’ तो म्हणाला.

त्याची शाळा चौथीत सुटली. बापामागं तुणतुणं घेऊन बसता बसता आठ खुणा हातात आल्या. कुठलं अक्षर कोणत्या गटात कितवं हे मला वहीत मांडावं लागलं. त्याला नाही. सरकारदरबारी गोंधळी भटक्या जमातींच्या यादीत आहेत. पण वर्णमाला मनगटात घेऊन हिंडणाऱ्या या माणसाला कुणी अडाणी म्हटलं तर ते मला तरी चुकीचं वाटतं.

‘मग लोकांना खरं का सांगत नाही?’ मी विचारलं.

‘आईनं सांगितलं म्हटलं की लोकायला बरं वाटतंय. बाराखडीनं सांगितलं म्हटल्यावर बिदागी कोण देईल?’ एवढं बोलून तो दिवटीची काजळी पुसायला लागला. त्याचा मुलगा नांदेडला बँडमध्ये कीबोर्ड वाजवतो. त्याला आठांपैकी तीन खुणा येतात.

तुमच्या घरी गोंधळ असेल तर आरतीआधी उठू नका. कानात एक नाव सांगा आणि नाईकाच्या तोंडाकडे न बघता तुणतुणेवाल्याच्या हाताकडे बघा. सकाळी बिदागी मोजाल तेव्हा त्या हाताचीही मोजा.