महिन्याला किती आणायचे?

रस्ते अपघातात घरातला कर्ता माणूस गेला की पहिले काही दिवस पंचनामा, शवविच्छेदन आणि पोलीस ठाण्याच्या चकरांत जातात. दिवसकार्य उरकल्यावर कधीतरी त्याची बायको वकिलासमोर बसते आणि पहिलाच प्रश्न येतो : ते महिन्याला किती आणायचे? नुकसानभरपाईचा सगळा हिशेब या एका उत्तरावर उभा राहतो.

त्यापुढची रीत बरीचशी ठरलेली आहे. सर्वोच्च न्यायालयाचा २००९ चा ‘सरला वर्मा’ निकाल आणि ऑक्टोबर २०१७ मधला पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाचा ‘प्रणय सेठी’ निकाल हे मोटार अपघात दावा प्राधिकरणाचे दोन आधार आहेत.

उदाहरणच घेऊ. तालुक्याच्या गावातला ३४ वर्षांचा सुतार. महिन्याची कमाई १८,००० रुपये. घरी बायको, दोन मुलं आणि आई. माणूस जगला असता तर कमाई वाढली असती, हे न्यायालय धरून चालतं. स्वतःचा धंदा आणि वय चाळिशीच्या आत, म्हणून ४० टक्के वाढवायचे. (कायम नोकरी असती तर ५० टक्के.) झाले २५,२००. यातलं काही त्याने स्वतःवर खर्च केलं असतं. अवलंबून असलेली माणसं चार ते सहा असली की त्यासाठी चौथा हिस्सा वजा होतो. अविवाहित मुलगा गेला तर सहसा निम्मी रक्कम कापली जाते. आपल्या सुताराचे उरले १८,९००, म्हणजे वर्षाला २,२६,८००.

आता गुणक. ३१ ते ३५ या वयाला तो १६ आहे. साठीपर्यंत २६ वर्षं होती, मग १६ च का, असं घरच्यांना वाटतं आणि ते साहजिक आहे. पण पुढच्या वर्षांचा पैसा आज एकरकमी हाती येतो, त्यावर व्याज मिळतं. शिवाय आयुष्याचा भरवसा नसतो. म्हणून गुणक उरलेल्या वर्षांपेक्षा लहान ठेवतात. पंचविशीपर्यंत तो १८ असतो, पासष्टीनंतर ५. सुताराच्या घराचे होतात ३६,२८,८०० रुपये.

यात हरवलेल्या सहवासाचे पैसे मिळवतात. २०१७ मध्ये ती रक्कम ४०,००० ठरली, दर तीन वर्षांनी १० टक्के वाढीसह. २०२३ च्या वाढीनंतर ती ४८,४०० झाली. पत्नीबरोबर मुलांना आणि आईवडिलांनाही ती मिळते. चौघांचे १,९३,६००, शिवाय अंत्यविधी आणि संपदेची हानी यांचे प्रत्येकी १८,१५०. एकूण ३८,५८,७००.

पण सुताराचा सगळा व्यवहार रोखीचा. उलटतपासणीत विमा कंपनीचे वकील विचारतात : पावती आहे? आयकर विवरणपत्र भरलं होतं? उत्तर ‘नाही’ असतं. समजा, प्राधिकरणाने कमाई १०,०००च धरली, तर मुख्य रक्कम २०,१६,००० वर येते. महिन्याच्या आठ हजारांच्या फरकापायी १६,१२,८०० रुपये गेले. माणूस तोच आणि त्याचे कष्टही तेच. माझ्या मते या कायद्यातला खरा अन्याय इथे आहे. सर्वोच्च न्यायालयाने सांगितलंय की पगाराचा दाखला नसेल तर किमान वेतनाचा दर मोजमाप म्हणून घेता येतो, पण तो अंतिम नाही. फौजदारी खटल्याइतका कडक पुरावाही इथे लागत नाही. म्हणणं जास्त संभाव्य वाटलं तरी पुरतं. ज्यांच्या घरी त्याने कपाटं केली, त्यांनी साक्षीला येऊन मजुरी सांगितली तर तिलाही वजन आहे.

गृहिणी गेली तर हा प्रश्न आणखी बोचतो, कारण ‘ती काही आणत नव्हती’ असं घरचेच म्हणून टाकतात. मोटार वाहन कायद्यात १९९४ च्या दुरुस्तीने आलेल्या तक्त्यात न कमावत्या जोडीदाराचं मोल कमावत्याच्या उत्पन्नाच्या एक तृतीयांश धरलं होतं. जानेवारी २०२१ च्या एका निकालात न्या. एन. व्ही. रमणा यांनी स्वतंत्र मत लिहिताना सरकारी पाहणीचा आकडा पुढे ठेवला : घरातल्या बिनमोबदला कामात बाईची दिवसाला सरासरी २९९ मिनिटं जातात, पुरुषाची ९७. गृहिणीच्या कामाला उत्पन्न मानून त्यातही भविष्यातली वाढ धरावी, हे त्या निकालाने पक्कं केलं. तेव्हा वकिलासमोर ‘ती घरीच असायची’ एवढ्यावर थांबू नका. सकाळी पाण्यापासून रात्रीच्या भांड्यांपर्यंत ती काय काय करायची, ते सगळं सांगा.

आणखी एक भीती असते, आयुर्विम्याचे पैसे मिळाले म्हणून भरपाई कापतील का? नाही. एस.टी. महामंडळ पक्षकार असलेल्या १९९८ च्या निकालातच सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट केलं. दावा अपघाताच्या ठिकाणीच लावावा लागतो असंही नाही; वारस राहतात त्या भागातल्या प्राधिकरणातही तो दाखल होतो. एप्रिल २०२२ पासून कायद्यात त्यासाठी सहा महिन्यांची मुदत आहे.

सुताराच्या पिशवीत बहुधा एक मळकी वही असते. त्यात पेन्सिलीने मापं, गिऱ्हाइकांची नावं आणि इसाराचे आकडे लिहिलेले असतात. तेराव्यानंतरच्या आवराआवरीत ती रद्दीत जाऊ देऊ नका.