कागदोपत्री जगलेली रॉबर्टा

सॅन फ्रान्सिस्को शहरात १९७३ ते १९७८ या काळात रॉबर्टा ब्राइटमोर नावाची एक तरुणी वावरत होती. तिच्याजवळ मोटार चालविण्याचा परवाना होता, बँकेत खाते होते, भाड्याची जागा होती. वजन कमी करण्याच्या वर्गाला ती जाई, मानसोपचारतज्ज्ञाकडेही जाऊन आली होती. उणीव एकच. ती कधी जन्मलीच नव्हती!

लिन हर्शमन लीसन या अमेरिकन कलावतीने घडविलेली ही व्यक्ती. लिनबाईंचा जन्म १९४१ सालचा, क्लीव्हलंडचा. सोनेरी केसांचा टोप चढवून, चेहरा रंगवून त्या स्वतःच रॉबर्टा होत. कोठे कोणते प्रसाधन लावायचे याचा तक्ता त्यांनी १९७५ साली एका छायाचित्रावर आखला. तो पाहताना आम्हाला घरबांधणीचा नकाशाच आठवला.

आपल्याकडचा बहुरूपी सोंग संपल्यावर बिदागी मागतो, म्हणजे पाहणाऱ्याला उलगडा होतो. येथे तशी सोय नव्हती. खोलीत भागीदार हवी, अशी जाहिरात वर्तमानपत्रात देऊन रॉबर्टा येणाऱ्यांना भेटे आणि ते तिला खरीच समजत. साऱ्यांचेच हेतू निर्मळ नव्हते. सोंग खोटे असले तरी धोका खरा होता. पुढे आणखी तीन स्त्रियांनी रॉबर्टाचे रूप घेतले आणि १९७८ साली इटलीतील फेरारा येथे, ल्युक्रेझिया बोर्जियाच्या समाधीस्थानी, रॉबर्टाला विधिपूर्वक निरोप देण्यात आला.

वाचकहो, हा श्रीमंती चाळा वाटेल. पण आपल्यापैकी कित्येकांचे मधले नाव येथे आल्यावर गळाले, आडनावाची अक्षरे बदलली, कचेरीत सुधाकरचा 'सॅम' झाला. परवाना आणि बँकेचे खाते हाती येईपर्यंत परक्या देशात आपण कोणीच नसतो. मग माणूस खरा की कागद? लिनबाईंचा प्रश्न आम्हाला म्हणूनच जवळचा वाटतो.

यंत्रांची त्यांची ओढ त्याआधीचीच. १९७२ साली बर्कलेच्या कलासंग्रहालयाने त्यांचे प्रदर्शन बंद केले, कारण त्यांच्या मेणाच्या मुखवट्यांतून ध्वनिफितीचा आवाज येत होता! पुढच्याच वर्षी त्यांनी व एलिनोर कोपोला यांनी दान्ते हॉटेलात खोल्या घेऊन तेथेच कला मांडली. लिनबाईंच्या खोलीत पलंगावर मेणाच्या आकृती निजविल्या होत्या. त्या प्रेते समजून कोणी तरी पोलिसांना बोलावले.

१९८० च्या दशकाच्या आरंभी त्यांनी 'लोर्ना' ही लेसर डिस्कवरील कलाकृती पुरी केली. लोर्ना घराबाहेर पडायला भिते, दिवसभर टेलिव्हिजनसमोर बसते. प्रेक्षकाने हातातल्या रिमोटने तिच्या खोलीतली वस्तू निवडायची, की कथा त्या वाटेने जाते. शेवट तीन: ती टेलिव्हिजनवर गोळी झाडते, स्वतःचा जीव घेते किंवा लॉस एंजेलिसची वाट धरते. कळ दाबणारा प्रेक्षकही येथे निर्दोष राहत नाही, हे आम्हाला विशेष वाटले.

१९८४ पासून अनेक वर्षे त्या कॅमेऱ्यासमोर एकट्या बसून स्वतःविषयी बोलल्या. बालपणी सोसलेल्या अत्याचाराविषयीही. १९९० च्या दशकात त्यांनी डोळ्यांत कॅमेरे असलेली बाहुली केली. मान्यता मात्र उशिरा आली. न्यूयॉर्कच्या संग्रहालयात त्यांचे पहिले स्वतंत्र प्रदर्शन २०२१ साली भरले, तेव्हा त्यांनी ऐंशीचा उंबरठा गाठला होता.